राखी सोंड्या ओळखायचा कसा: सोंडेपासून उपजातीपर्यंत

कपाशी, भेंडी किंवा वांग्याच्या पानाची कड अर्धगोल कुरतडलेली दिसते. फांदीला हात लागताच तांदळाच्या दाण्याहून जरा मोठा, करडा-पांढरा भुंगेरा टपकन खाली पडतो, पाय पोटाशी घेतो आणि मेल्याचे सोंग घेऊन पडून राहतो. याला कोणी करडा भुंगेरा म्हणतो, कोणी राखी भुंगेरा, कोणी नुसतेच सोंडे. कृषी महाविद्यालयाच्या कीटकसंग्रहात तो ‘अ‍ॅश वीव्हिल’ अशा चिठ्ठीखाली जातो आणि बहुतेकदा तिथेच राहतो. कारण त्या एका नावाखाली निदान चार जाती येतात, आणि रंगावरून त्या वेगळ्या करायला गेले की हमखास फसगत होते.

इथे त्यांतली एक जाती धरून पुढे जाऊ: मायलोसेरस उंडेसिमपुस्ट्युलॅटस. कीटकशास्त्रज्ञ फाउस्ट यांनी १८९१ साली हिचे वर्णन केले. भारत, पाकिस्तान आणि श्रीलंका हे हिचे मूळ घर. खरिपात कपाशी, तूर, भेंडी, वांगी, ज्वारी, बाजरी, मका, आणि बांधावरची बोर, आंबा, जास्वंद, गुलाब अशा कितीतरी झाडांवर ती सापडते, म्हणून नमुना मिळवायला दूर जावे लागत नाही.

आधी पायऱ्या

मराठी पाठ्यपुस्तकांत जीनससाठी ‘प्रजाती’ आणि स्पीशीजसाठी ‘जाती’ हे शब्द आहेत. वर्तमानपत्रांत मात्र सर्रास जातीलाच प्रजाती म्हणतात. इथे पाठ्यपुस्तकाची रीत पाळली आहे.

सृष्टी: प्राणी
संघ: संधिपाद
वर्ग: कीटक
गण: कोलिऑप्टेरा (ढालपंखी, म्हणजे सगळे भुंगेरे)
उपगण: पॉलिफॅगा
अधिकुल: कर्क्युलिऑनॉइडिया
कुल: कर्क्युलिऑनिडी
उपकुल: एंटिमिनी (रुंद सोंडेचे सोंडे)
जमात: सायफिसेरिनी
उपजमात: मायलोसेरिना
प्रजाती: मायलोसेरस, शोनहेर, १८२३
जाती: उंडेसिमपुस्ट्युलॅटस, फाउस्ट, १८९१

या यादीत देवनागरीचा एक खड्डा आहे. एंटिमिनी आणि सायफिसेरिनी यांचे शेवट आपल्या लिपीत सारखेच दिसतात, पण पायऱ्या वेगळ्या आहेत. रोमन लिपीत उपकुलाच्या नावाचा शेवट आय-एन-ए-ई असा होतो, जमातीचा आय-एन-आय आणि उपजमातीचा आय-एन-ए. चिठ्ठी रोमन लिपीत लिहायची असल्याने ही तीन शेपटे पाठच करून ठेवा. एका अक्षराच्या चुकीने जमातीची उपजमात होते.

जुन्या चिठ्ठ्या आणि जुने वर्णन वाचताना आणखी एक गोंधळ होतो. ब्रिटिश कीटकशास्त्रज्ञ गाय मार्शल यांचा भारतातल्या सोंड्यांवरचा खंड १९१६ साली निघाला. आजही आपल्याकडच्या मायलोसेरससाठी तो उघडावाच लागतो. त्यात ही प्रजाती ‘ओटिओर्‍हिंकिनी’ या उपकुलात आहे, आणि गहू-हरभऱ्याच्या रोपांवर पडणारा टॅनिमेकस ‘ब्रॅकिडेरिनी’ या दुसऱ्या उपकुलात. आज दोन्ही एंटिमिनीत येतात. जुनी चिठ्ठी चुकीची नाही, जुन्या मांडणीतली आहे. ती काढून टाकू नका, तिच्याखाली नवी लावा.

नमुना गोळा करणे

सकाळी ऊन चढायच्या आत जा. हाताने एकेक वेचण्यापेक्षा पांढरे कापड किंवा उलटी उघडलेली छत्री फांदीखाली धरून वर काठीने दोन-तीन हलके फटके द्या. सोंडे आपसूक पडतात. पडल्यावर मिनिटभर हालचाल करत नाहीत, तेवढ्यात उचलून घ्यायचे. जोराने फांदी हलवली तर पालापाचोळाच जास्त पडतो आणि त्यात करडा किडा हरवतो.

एका झाडावरून निदान ८ ते १० नमुने घ्या, आणि लहान-मोठे दोन्ही घ्या. या जातीत मादी नरापेक्षा थोडी मोठी असते. साधारण ६ ते ८.५ मिलिमीटर लांबीत दोघेही बसतात. एकाच नमुन्यावर ओळख बेतली आणि तो नेमका खवले झडलेला निघाला की पुढची सगळी मेहनत वाया जाते.

खवल्यांबद्दल आत्ताच सांगायला हवे, कारण बहुतेक चुका इथूनच सुरू होतात. याचा राखी, हिरवट किंवा पांढरट रंग अंगच्या कवचाचा नसतो. काळपट कवचावर बारीक खवल्यांचा थर असतो आणि रंग त्या थराचा असतो. मातीतून नुकताच वर आलेला भुंगेरा ताजा, भरगच्च दिसतो. पाऊस, पाने आणि समागमातली घासाघीस यांनी महिनाभरात पाठीवर काळे पट्टे उघडे पडतात. असे दोन नमुने शेजारी ठेवले तर दोन जाती वाटतात. म्हणून बाटलीत एका वेळी पाच-सहापेक्षा जास्त सोडू नका. आत टिश्यू कागदाच्या पट्ट्या घाला, म्हणजे ते एकमेकांवर घासणार नाहीत.

मारण्यासाठी रुंद तोंडाच्या काचेच्या बरणीच्या तळाशी साधारण २ सेंटिमीटर प्लास्टर ऑफ पॅरिस ओता, पूर्ण वाळू द्या आणि त्यात मुरेल इतकेच इथिल अ‍ॅसिटेट टाका. वर सुटे द्रव राहिले तर ओतून द्या, नाहीतर खवले चिकटून चपटे होतात. बरणी काचेचीच हवी, कडक पारदर्शक प्लास्टिक इथिल अ‍ॅसिटेटने विरघळते. इथिल अ‍ॅसिटेट मिळत नसेल तर डबी ४८ तास फ्रीझरमध्ये ठेवा. बाहेर काढल्यावर झाकण लगेच उघडू नका, आत दव धरते आणि खवले ओले होतात. डबी खोलीच्या तापमानाला येऊ द्या, मग उघडा.

डीएनएसाठी नमुना हवा असेल तर तो वेगळा, थेट ९५ टक्के किंवा त्याहून तीव्र अल्कोहोलमध्ये. तो दिसायला चांगला राहील अशी अपेक्षा ठेवू नका.

टोचायचा नाही, चिकटवायचा

मोठ्या भुंगेऱ्याच्या उजव्या पंखकवचातून टाचणी घालतात. तोच हिशेब ७ मिलिमीटरच्या सोंड्याला लावला तर पंखकवच तडकते आणि खालचे पाय गळतात. याला त्रिकोणी कागदावर चिकटवायचे. जाड, पांढऱ्या कार्डाचा ८ ते १० मिलिमीटर लांब आणि बुडाशी ३ मिलिमीटर रुंद असा त्रिकोण कापा. बुडातून २ किंवा ३ क्रमांकाची कीटक-टाचणी घाला. शिवणकामाच्या टाचण्या पावसाळ्यात गंजतात आणि त्रिकोणाला गंजाचे डाग देतात. त्रिकोणाचे टोक चिमट्याने किंचित खाली वाकवा, त्यावर डिंकाचा अगदी बारीक थेंब घ्या आणि किड्याच्या वक्षाच्या उजव्या बाजूला लावा. डावी बाजू, सोंड, पोट आणि पाय पूर्ण मोकळे राहिले पाहिजेत. पुढे मांडीवरचे काटे मोजायचे आहेत, डिंकाखाली गेले तर मोजता येणार नाहीत.

चिकटवण द्रव्य पाण्याने सुटणारे असावे. लवकर वाळणारे सायनोअ‍ॅक्रिलेट कधीच वापरू नका. नमुना पुन्हा सोडवायची वेळ येतेच, आणि त्याने चिकटवलेला सोंड्या तुटूनच निघतो.

पाय पोटाखाली आखडलेले असतील तर चिकटवण्याआधी ओल्या टिश्यूवर ठेवलेल्या उथळ डबीत १२ ते २४ तास ठेवा. किडा टिश्यूला टेकू देऊ नका. सांधे सैल झाले की बारीक कुंचल्याने पाय थोडे बाहेर ओढा. एका बाजूचे तीन पाय दिसले तरी पुरे.

भिंगाखाली: क्रम मोडू नका

दहापट भिंगाने कुल आणि उपकुल बऱ्यापैकी कळते. त्यापुढे वीसपट भिंग किंवा ४० पटीपर्यंतचा स्टिरिओ सूक्ष्मदर्शक लागतो. प्रकाश एका बाजूने तिरका पाडा. डोक्यावरून सरळ पडणारा पांढरा प्रकाश खवल्यांवरून परततो आणि खाचा पुसल्यासारख्या होतात. त्रिकोणावरचा नमुना मातीच्या गोळ्यात टाचणीने उभा केला की हवा तसा फिरवता येतो.

पहिले काम, शृंगिका (डोक्यावरची मिशी). कोपराप्रमाणे वाकलेली आहे का पाहा. बुडाचा एक लांब दांडा, मग सात लहान मणी, मग टोकाला गदा. असे असेल तर कर्क्युलिऑनिडीच्या वाटेवर आहात. शृंगिका सरळ असेल तर थांबा. आंब्याची कोवळी पाने कापून टाकणारा डेपोरॉस हाही सोंड असलेलाच भुंगेरा, पण शृंगिका सरळ, आणि तो दुसऱ्याच कुलात जातो.

पायाची पावले एकदा नजरेखालून घाला. चार पेरे दिसतील. खरे पाच असतात. तिसरे पेर दोन पाळ्यांचे असते आणि चौथे त्याच्या कुशीत लपलेले असते. ‘चार पेरे, म्हणजे दुसरेच काहीतरी’ असे समजून मागे फिरू नका.

मग सोंड. एंटिमिनीला रुंद सोंडेचे म्हणतात ते उगाच नाही. सोंडेची लांबी तिच्या रुंदीच्या आसपास असते, घोड्याच्या तोंडासारखी बोथट. धान्यातल्या सोंड्यांची किंवा नारळावरच्या सोंड्या भुंग्याची लांब बारीक सोंड आठवली की फरक डोळ्यांत भरतो. हा फरक वागण्यातही उतरतो. धान्यातली मादी सोंडेने दाण्याला भोक पाडते आणि त्यात अंडे घालते. रुंद सोंडेच्या मादीला असे भोक पाडता येत नाही. राखी सोंड्याची अंडी जमिनीलगत, पालापाचोळ्यात पडतात आणि अळ्या मातीत शिरून मुळे खातात. सोंडेची रुंदी पाहून किडीचे अर्धे आयुष्य जमिनीखाली आहे एवढे कळते. ‘सोंड्या’ हे नाव ऐकून माडावरच्या भुंग्याचा गंधसापळा कपाशीत लावणे किती निरुपयोगी आहे, हेही त्यातूनच कळते.

उपकुलाची खरी मोहर जबड्यावर असते. कोशातून बाहेर आलेल्या भुंगेऱ्याच्या प्रत्येक जबड्यावर सुळ्यासारखा एक जादा दात असतो. मातीतली कोठी फोडून वर येण्यापुरता तो उपयोगी पडतो आणि नंतर झडतो. झडला की त्या जागी छोटा गोल किंवा लांबट वण राहतो. ४० पटीखाली, समोरून, तिरक्या प्रकाशात हा वण दिसतो. तो दिसला की एंटिमिनीबद्दल फारशी शंका उरत नाही. या उपकुलात जगभर बारा हजारांहून अधिक जाती आहेत आणि त्यांतल्या बहुतेकांना ही खूण असते. तोंडाला माती किंवा पानाचा चोथा चिकटलेला असेल तर वण झाकला जातो. बारीक कुंचला कोमट पाण्यात बुडवून, निथळून, तेवढाच भाग पुसा. तोंड खालून पाहिले तर हनुवटीचा चपटा पत्रा दोन्ही बाजूंच्या उपजबड्यांना झाकून बसलेला दिसतो. लांब सोंडेच्या सोंड्यांत उपजबडे उघडे असतात.

आता शृंगिकेची खाच. दांडा मुडपून ठेवायची सोंडेवरची पन्हळ म्हणजे ही खाच, आणि अनेक जण इथेच चुकतात, कारण किडा बाजूने पाहतात. मायलोसेरसमध्ये ती सोंडेच्या वरच्या अंगाला असते. किडा अगदी वरून पाहा: शृंगिका जिथे रुजली आहे ती जागा आणि खाच दोन्ही दिसायला हवीत. टॅनिमेकसमध्ये खाच बाजूला असते आणि डोळ्याच्या खालच्या अंगाला वळते, वरून दिसत नाही. मायलोसेरसचा दांडाही लांब असतो. मागे वळवला तर डोळा ओलांडून वक्षाच्या कडेपर्यंत पोहोचतो.

लगेच वक्षाची पुढची कड पाहा, डोळ्याच्या अगदी मागे. तिथे राठ केसांचा छोटा झुपका असेल तर जमात टॅनिमेसिनी. मायलोसेरसला तो झुपका नसतो. ही एक खूण कपाशीवरचा राखी सोंड्या आणि रब्बीच्या रोपांवरचा टॅनिमेकस इंडिकस यांचा गोंधळ एका दमात मिटवते. झुपका बारीक असतो. कागदाचा काळा तुकडा किड्यामागे धरला की केस उठून दिसतात.

खांदे: पंखकवचाचे पुढचे कोपरे वक्षापेक्षा स्पष्ट रुंद आणि कोनदार. ज्या रुंद सोंडेच्या सोंड्यांना उडता येत नाही त्यांचे खांदे उतरते, गोलसर असतात. इथे तसे नाही.

शेवटी मांड्या. तिन्ही जोड्यांच्या मांड्यांच्या आतल्या कडेला दात असतात. मागच्या मांडीवर एका मोठ्या दाताच्या जवळ आणखी बारीक दात दिसले पाहिजेत. दात पाहताना नडगी मांडीवर दुमडलेली नसावी. म्हणूनच आधी सांधे सैल करून पाय ओढायला सांगितले. एकच दात दिसला तर दुसऱ्या पायावर आणि दुसऱ्या नमुन्यावर तपासा. खवले आणि केस बारीक दातांना सहज झाकतात.

पिवळसर छटेचे डोके, कोनदार खांदे, पंखकवचावर गडद ठिपके-पट्टे आणि एकाहून अधिक दातांची मागची मांडी, हे सगळे एकत्र जुळले की उंडेसिमपुस्ट्युलॅटस म्हणायला हरकत नाही. लॅटिनमध्ये उंडेसिम म्हणजे अकरा आणि पुस्ट्युला म्हणजे फोड किंवा ठिपका. म्हणून कोणी अकरा ठिपके मोजत बसतो. तो नाद सोडा. खवले झडलेल्या नमुन्यावर कधी सात भरतील, कधी पंधरा.

शेजारी आणि तोतये

मायलोसेरसच्या तीनशेहून अधिक जाती आहेत. महाराष्ट्रात पिकांवर नेहमी गाठ पडते ती आणखी तीन जातींशी. मायलोसेरस सबफॅसिएटस तपकिरी असतो आणि वांग्यावर त्याचा मोठा त्रास. अळ्या मुळे खातात, आणि पाणी असूनही झाड मलूल होते. शेतकरी मर रोग समजून बुरशीनाशक ओततो. झाड उपटून मुळाभोवतीची १० ते १५ सेंटिमीटर माती चाळून पाहिली तर पांढऱ्या, बिनपायांच्या, अर्धचंद्राकार वाकलेल्या अळ्या सापडतात. हुमणीही तशीच वाकलेली असते, पण तिला सहा पाय असतात. पाय पाहिल्याशिवाय हुमणी म्हणू नका. मायलोसेरस डिस्कलर तपकिरी, अंगावर पांढरे ठिपके. मायलोसेरस व्हिरिडॅनस लहान आणि फिकट हिरवा.

ही रंगांची यादी फक्त ढीग वेगळे करण्यापुरती वापरा. नाव चिठ्ठीवर घालायच्या आधी प्रत्येक ढिगातले दोन नमुने वरच्या क्रमाने पुन्हा तपासा.

जुन्या पीक-संरक्षणाच्या वह्यांत ‘मायलोसेरस मॅक्युलोसस’ ही स्वतंत्र जाती म्हणून भेटते: हिरवट पांढरी, पंखकवचावर गडद रेषा. आज ती उंडेसिमपुस्ट्युलॅटसचीच उपजाती धरली जाते. म्हणजे कपाशीवरचे मॅक्युलोससचे जुने वर्णन आणि उंडेसिमपुस्ट्युलॅटसचे नवे वर्णन या दोन वेगळ्या किडी नाहीत. कीडयादी बनवताना दोन्ही ओळी ठेवल्या तर एकच किडा दोनदा मोजला जातो.

आणखी एक उपजाती उंडेटस, हिला मार्शल यांनी १९१६ साली नाव दिले. हीच २००० साली अमेरिकेत फ्लोरिडातल्या पोम्पॅनो बीच इथे लिंबूवर्गीय झाडावर सापडली आणि तिथे ‘श्रीलंकन वीव्हिल’ म्हणून ओळखली जाते. तिच्या खाद्यवनस्पतींची तिथली यादी दीडशेच्या वर गेली आहे. फ्लोरिडात राहणाऱ्या मराठी माणसाच्या परसातल्या आंब्याची किंवा जास्वंदीची पाने कडेने खाल्लेली असतील तर हा गाववाला तिथेही पोहोचला आहे असे समजावे.

इंटरनेटवरची बहुतेक चांगली छायाचित्रे त्याच फ्लोरिडातल्या उपजातीची आहेत. आपल्याकडचा नमुना हुबेहूब तसा दिसत नाही म्हणून जाती बदलू नका, आणि दिसला म्हणून थेट ‘उंडेटस’ही लिहू नका. उपजात लिहायची तर तुलनेला खात्रीचे नमुने समोर हवेत. नसतील तर जातीपर्यंत येऊन थांबणे हेच काटेकोर काम.

नराचे जननांग

खवले आणि दात यांनी निकाल लागत नसेल तर नराचे जननांग काढावे लागते. सैल केलेल्या नमुन्याचे उदर बारीक सुईने वक्षापासून वेगळे करा. १० टक्के पोटॅशियम हायड्रॉक्साइडच्या द्रावणात रात्रभर ठेवा, किंवा परीक्षानळी गरम पाण्यात धरून १० ते १५ मिनिटे. द्रावण थेट ज्योतीवर उकळू नका, ते उसळून डोळ्यांत जाते. हातमोजे आणि चष्मा हवाच. स्नायू विरघळून कवच पारदर्शक झाले की पाण्याने धुवा, त्यात व्हिनेगारचे दोन थेंब टाकून उरलेला क्षार मारा, मग ग्लिसरिनमध्ये घेऊन दोन सुयांनी नळीसारखे जननांग वेगळे करा. टोकाचा आकार वरून आणि बाजूने, दोन्हीकडून चितारून ठेवा.

द्रावणात जास्त वेळ राहिले तर नळी रंगहीन, लिबलिबीत होते आणि टोकाची कड कळत नाही. गरम द्रावणात असेल तर दर पाच मिनिटांनी पाहत राहा. काढलेले अवयव ग्लिसरिनच्या थेंबासह बारीक नळीत भरून त्याच टाचणीवर खोचा. वेगळ्या डबीत ठेवलेले अवयव वर्षभरात कोणाचे ते सांगता येत नाही.

डीएनए करायचे असेल तर एक पाय पुरतो. नेहमीचा बारकोड, म्हणजे ओळखीसाठी वाचायचा डीएनएचा भाग, सीओआय जनुकाचा ६५८ अक्षरांचा तुकडा असतो. मात्र सार्वजनिक संग्रहात चुकीच्या नावाने टाकलेले क्रमही असतात. जुळणी ९९ टक्के आली तरी ज्या नमुन्याशी जुळली त्याचे नाव कोणी, कशावरून ठरवले ते पाहा.

नाव आणि चिठ्ठी

प्रजाती आणि जाती तिरक्या अक्षरांत. हाताने लिहिताना दोन्ही शब्दांखाली वेगवेगळ्या रेघा, एकच सलग रेघ नव्हे. पुढे नाव देणाऱ्याचे आडनाव आणि साल, ते सरळ अक्षरांत. उंडेसिमपुस्ट्युलॅटसपुढे ‘फाउस्ट, १८९१’ कंसाविना येते, कारण फाउस्ट यांनी जातीचे वर्णन मायलोसेरस प्रजातीतच केले. व्हिरिडॅनसपुढे मात्र फॅब्रिशियस हे नाव कंसात येते. फॅब्रिशियस १८०८ साली वारले, मायलोसेरस ही प्रजाती १८२३ सालची. म्हणजे त्यांनी जाती दुसऱ्या प्रजातीत टाकली होती आणि ती नंतर इकडे आली. कंस सजावटीसाठी नसतो, जाती हलवली गेल्याची ती खूण असते. विद्यार्थ्यांच्या संग्रहात सगळ्यांना सरसकट कंस घातलेले दिसतात.

टाचणीवर दोन चिठ्ठ्या हव्यात. वरच्या चिठ्ठीवर राज्य, जिल्हा, गाव, अक्षांश-रेखांश, उंची मीटरमध्ये, तारीख, यजमान वनस्पती आणि गोळा करणाऱ्याचे नाव. महिना रोमन अंकांत लिहा, म्हणजे ७-८ हा जुलै की ऑगस्ट असा वाद होत नाही. ‘कपाशीवर’ एवढेच न लिहिता पान खाताना सापडला की नुसता बसलेला होता तेही लिहा. या सोंड्याची खाद्ययादी लांबते ती बऱ्याच अंशी नुसत्या बसलेल्या नमुन्यांमुळे. खालच्या चिठ्ठीवर नाव, ओळखणाऱ्याचे नाव आणि साल.

पेटीत थर्माकोल आणि डांबरगोळ्या एकत्र ठेवू नका. नॅफ्थलिनने थर्माकोल वितळतो, टाचण्या कलंडतात आणि सोंडे एकमेकांवर पडून पाय मोडतात. तळाला पॉलिइथिलीनचा फोम घाला. कोकणात आणि गोव्यात पावसाळ्याचे चार महिने पेटीत सिलिका जेलची पुरचुंडी ठेवा आणि रंग बदलला की ती भाजून पुन्हा वापरा, नाहीतर खवल्यांवर पांढरी बुरशी येते आणि ती खवल्यांसकटच निघते.

अळीवरून जाती ठरवायची असेल तर

मुळाशी सापडलेल्या अळीवर चिठ्ठी लावायची घाई नको. तिला वाढवा. १५ सेंटिमीटर खोलीच्या कुंडीत चाळलेली माती भरा, मक्याचे चार दाणे रुजवा आणि मुळे फुटल्यावर तीन-चार अळ्या सोडा. माती मुठीत दाबली तर गोळा होईल, पण पाणी सुटणार नाही एवढाच ओलावा ठेवा. जास्त पाण्याने अळ्या गुदमरतात आणि बुरशीने काळ्या पडतात. वर मलमलीचे कापड बांधा. अंड्यातून अळी ३ ते ५ दिवसांत निघते, अळी महिना-दोन महिने मुळांवर जगते, कोश साधारण आठवडाभर. एक मादी २४ दिवसांत ३६० पर्यंत अंडी घालू शकते, तेव्हा पिंजऱ्यात नर-मादी सोडली असतील तर कुंड्या पुरणार नाहीत.

शेवटच्या दोन आठवड्यांत कुंडी उकरू नका, कोशाची कोठी एकदा फुटली की भुंगेरा वेडावाकडा निघतो. कापड रोज सकाळी पाहा. कापडाखाली पहिला भुंगेरा दिसला की त्याच दिवशी उचला: जबड्यावरचा तो सुळ्यासारखा दात झडण्याआधी जागेवर पाहायला मिळण्याची एवढीच संधी असते.

नाव पक्के करून घ्यायचे असेल तर पुण्यातले भारतीय प्राणी सर्वेक्षणाचे पश्चिम प्रादेशिक केंद्र, दिल्लीच्या भारतीय कृषी संशोधन संस्थेतला राष्ट्रीय पुसा संग्रह किंवा बंगळूरचे राष्ट्रीय कृषी कीटक संसाधन ब्यूरो इथे आधी पत्र लिहून विचारा. निदान दोन नर आणि दोन माद्या, चारही वेगवेगळ्या टाचण्यांवर, चिठ्ठ्यांसकट पाठवा. नमुन्यांची पेटी दुसऱ्या मोठ्या पेटीत ठेवा, आणि मधल्या जागेत चारही बाजूंनी कापूस किंवा कागदाचे बोळे भरा. परदेशी तज्ज्ञाकडे नमुने पाठवायचे तर जैवविविधता कायदा, २००२ नुसार परवानगी लागते, आणि अभयारण्यातून गोळा करायचे तर वनखात्याची. शेताच्या बांधावरच्या कपाशीला यांपैकी काही लागत नाही, मालकाला विचारले म्हणजे झाले.